धुरा, धुरीण आणि अर्धा कोयता

काही शब्द विद्यापीठात जन्मतात, तिथेच वाढतात आणि तिथेच म्हातारे होतात. गावाकडची वाट त्यांना कधी सापडत नाही. ‘काउंटर-हेजिमनी’ हा त्यांतलाच एक. समाजशास्त्र, राज्यशास्त्र, स्त्री-अभ्यास यांपैकी कुठलेही अलीकडचे पुस्तक उघडा, दर चार-दोन पानांनी तो भेटतो. मराठीत त्याला ‘प्रतिधुरीणत्व’ म्हणतात, कोणी ‘प्रतिवर्चस्व’ म्हणतात. परीक्षेला बसलेली मुले त्याची व्याख्या पाठ करतात, चर्चासत्रांच्या निमंत्रणपत्रिकांवर तो छापला जातो आणि शेवटच्या सत्रानंतर मंडपाबरोबर गुंडाळूनही ठेवला जातो. मात्र या शब्दामागची गोष्ट पुस्तकातली नाही. बीड जिल्ह्याच्या केज तालुक्यात, बालाघाटाच्या अंगाखांद्यावर वसलेल्या नांदूरघाटात आणि त्याच्या आसपासच्या वाड्यावस्त्यांवर ती रोज घडते. तिथे तिला नाव नाही, एवढेच.

आधी शब्दच पाहू. ‘हेजिमनी’ हा मूळचा ग्रीक शब्द. हेगेमोन म्हणजे पुढारी, वाट दाखवणारा. मराठीत त्यासाठी ज्याने कोणी ‘धुरीणत्व’ शोधले, त्याला शेतीची चांगली जाण असली पाहिजे, असे मला नेहमी वाटत आले आहे. ‘धुर्’ म्हणजे जू. धुरीण म्हणजे ते जू वाहणारा, आणि पुढे पुढारी. आपण म्हणतो ना, संसाराची धुरा, पक्षाची धुरा, ती हीच. एकाच शब्दात ओझे वाहणारा बैल आणि मिरवणारा नेता दोघेही बसलेले आहेत, ही गंमत ग्रीक शब्दात नाही.

आता नवा गोऱ्हा आणि शिकलेला बैल यांतला फरक शेतकऱ्याला सांगायला नको. गोऱ्ह्याला पहिल्यांदा जुंपायचे तर चार माणसे लागतात. कोणी वेसण धरतो, कोणी शेपूट पिरगाळतो, आणि तरी तो बसकण मारतो. मुरलेल्या बैलाचे तसे नसते. धन्याने जू नुसते उचलून धरले की तो आपल्या पायांनी चालत येतो आणि मान खाली घालून आत शिरतो. चाबूक खुंटीलाच राहतो. गोऱ्ह्यावर जे चालते ते वर्चस्व. बैल जे करतो, त्यात धुरीणत्व आहे. त्यात जुलूम संपलेला नसतो, फक्त तो दिसेनासा झालेला असतो.

हा फरक जगापुढे मांडला तो आंतोनिओ ग्रामशी या इटालियन माणसाने. सार्डिनिया या गरीब बेटावर १८९१ साली त्याचा जन्म झाला. पाठीला कुबड, प्रकृती कायमची नाजूक. शिष्यवृत्तीवर तुरीनला शिकायला गेला, तिथल्या कारखान्यांतल्या कामगार चळवळीत पडला, पत्रकार झाला, पुढे कम्युनिस्ट पक्षाचा नेता आणि खासदार झाला. मुसोलिनीच्या सरकारने नोव्हेंबर १९२६ मध्ये त्याला पकडले आणि १९२८ साली वीस वर्षांहून अधिक शिक्षा ठोठावली. तुरुंगात त्याने वह्यांमागून वह्या लिहिल्या. पहाऱ्याखाली लिहायचे म्हणून पुष्कळ ठिकाणी आडवळणाने लिहिले. २७ एप्रिल १९३७ रोजी, सेहेचाळिसाव्या वर्षी, तो गेला. त्या वह्या मेव्हणीने जपल्या म्हणून जगाला मिळाल्या.

ग्रामशीला छळणारा प्रश्न साधा होता. कामगार उपाशी आहेत, शेतकरी नाडलेले आहेत, मग ते उठत का नाहीत? उलट त्यांच्यातलेच कितीतरी जण मुसोलिनीच्या मिरवणुकीत का जातात? त्याचे उत्तर असे की सत्ता केवळ पोलिसांच्या काठीवर उभी नसते. ती शाळेत असते, चर्चमध्ये असते, वर्तमानपत्रात असते, आजीच्या गोष्टीत आणि लग्नाच्या रिवाजात असते. वरच्या वर्गाला जे सोयीचे असते, ते हळूहळू सगळ्यांना ‘सरळच आहे, असेच असते’ असे वाटू लागते. चारचौघांच्या या समजुतीला तो ‘कॉमन सेन्स’ म्हणे. आपण कौतुकाने म्हणतो त्या अर्थाने नव्हे. त्याच्या लेखी ते एक बोचके आहे. त्यात बापजाद्यांच्या समजुती, धर्माचे तुकडे, भीती, थोडे अनुभवाचे शहाणपण, सगळे एकत्र बांधलेले असते. आपल्याकडे या बोचक्याला ‘रीत’ म्हणतात. पायरी ओळखून वागावे, अंथरूण पाहून पाय पसरावेत. या म्हणी कोणाच्या सोयीच्या, हे आपण कधी विचारत नाही. कारण त्या आपल्याला आईने सांगितलेल्या असतात.

येथे एक बारीकशी गोष्ट नोंदवायला हवी. ‘काउंटर-हेजिमनी’ हा शब्द ग्रामशीचा नाही. त्याच्या वह्यांत तो सापडत नाही. १९७१ साली त्या वह्यांतले निवडक भाग इंग्रजीत आले, ते जगभरच्या विद्यापीठांत वाचले गेले आणि नंतरच्या अभ्यासकांनी हा शब्द घडवला. ग्रामशी एवढेच म्हणत होता की ज्यांना राज्य बदलायचे आहे त्यांनी आधी समजूत बदलली पाहिजे. धडक मारून किल्ला घेण्याची लढाई वेगळी आणि खंदक खणून, ठाण मांडून, वर्षानुवर्षे लढायची लढाई वेगळी. दुसऱ्या लढाईत शाळा काढाव्या लागतात, पत्रे चालवावी लागतात, गाणी रचावी लागतात, लग्ने वेगळ्या तऱ्हेने लावावी लागतात. आणि आपल्यातलेच विचार करणारे लोक तयार करावे लागतात. वरून खाली उपदेश करायला आलेले नव्हे, त्याच मातीत उगवलेले. नुसते ‘नाही’ म्हणणे हा विरोध झाला. प्रतिधुरीणत्वात त्या ‘नाही’च्या जागी दुसरे काही उभे करावे लागते, आणि ते चारचौघांना आपलेसे वाटावे लागते.

आता नांदूरघाटाकडे येऊ.

या भागातून दसरा-दिवाळीच्या सुमारास हजारो कुटुंबे ऊसतोडीला बाहेर पडतात. पश्चिम महाराष्ट्राच्या, कर्नाटकाच्या कारखान्यांवर जातात, ती परततात थेट उन्हाळ्याच्या तोंडावर. मुकादम आधी उचल देतो. ती घेतली की हंगाम बांधला गेला. ही उचल ज्या एककावर मोजतात त्याचे नाव कोयता. एक कोयता म्हणजे काय? परगावच्या माणसाला वाटेल, ऊस तोडायचे हत्यार, किंवा फार तर ते चालवणारा एक माणूस. नाही. एक कोयता म्हणजे नवरा आणि बायको. दोघांची मिळून एक उचल, एक हिशेब, एक नाव, आणि ते नाव नवऱ्याचे. एकटे माणूस गेले, मग ती विधवा असो, टाकलेली असो किंवा बिनलग्नाचा पोरगा असो, तर तो ‘अर्धा कोयता’.

या दोन शब्दांवर थोडे थांबा. फडात ऊस तोडतात दोघे. बाई पहाटे उठून कोपीवर स्वयंपाक करते, मग फडात येते, तोडलेला ऊस गोळा करते, मोळ्या बांधते, त्या डोक्यावर घेऊन गाडीपर्यंत चालते, फळीवरून वर चढते. संध्याकाळी पुन्हा चूल, पोरे, पाणी. गाडी रात्री आली तर रात्री पुन्हा भरणी. हिशेबाच्या वहीत मात्र ती नाही. तिच्या दिवसाची किंमत किती, असे विचारले तर उत्तरच नाही, कारण तिचा दिवस वेगळा मोजलेलाच नाही. नवऱ्याशिवाय ती अर्धी, आणि नवऱ्यासह ती शून्य. हे गणित कुठल्या कायद्यात लिहिलेले नाही. ते मुकादमालाही वाईट वाटत नाही, नवऱ्यालाही नाही आणि बहुतेकदा बाईलाही नाही. ‘असंच असतंय’ हे उत्तर तिघेही देतात. ग्रामशीला इटलीच्या तुरुंगात जे सांगायला इतक्या वह्या लागल्या, ते या तिघांच्या एका उत्तरात आहे.

ऊसतोड कामगारांनी संप केले नाहीत असे नाही. पुष्कळ केले. बबनराव ढाकणे, गोपीनाथ मुंडे यांच्यासारख्या नेत्यांच्या पाठीशी ही माणसे उभी राहिली. ‘कोयता बंद’ म्हटले की कारखान्यांची धुराडी थंड पडत. दर वाढले. जानेवारी २०२४ मधल्या करारात तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढला. या लढ्यांचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही, कारण घरी येणारा पैसा त्यांनीच वाढवला. पण या लेखाच्या विषयाच्या दृष्टीने पाहा. भांडण झाले ते कोयत्याच्या दरावर. कोयता म्हणजे काय, यावर भांडण झालेच नाही. कारखानदार, संघटनेचा पुढारी, मुकादम आणि मजूर, टेबलाच्या चारही बाजूंना बसलेल्यांचे त्या व्याख्येवर एकमत होते. म्हणजे विरोध होता, कडवा होता, यशस्वीही होता. प्रतिधुरीणत्व मात्र नव्हते. विद्यापीठातल्या मंडळींकडून नेमका हाच घोटाळा होतो. मोर्चा दिसला की ते हा शब्द चिकटवून मोकळे होतात.

न मोजण्याची किंमत किती असते ते २०१९ साली सगळ्या महाराष्ट्राने वाचले. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांची गर्भाशये मोठ्या संख्येने काढली गेल्याच्या बातम्या आल्या. विधिमंडळात प्रश्न झाले, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. जिल्ह्यातल्या सुमारे ८२ हजार ऊसतोड स्त्रियांच्या पाहणीत १३ हजारांहून अधिक जणींची गर्भपिशवी काढलेली आढळली. त्यांतल्या कितीतरी तरुण होत्या. कोणी त्यांना बांधून टेबलावर नेले होते काय? नाही. कागदावर अंगठा किंवा सही होती, म्हणजे संमती होती. फडात संडास नाही, पाणी नाही, पाळीच्या दिवसांत मोळी उचलायची, आणि एक दिवस घरी बसले तर खाडा पडतो, त्याचे पैसे कापले जातात. अंगावरून जाते म्हणून दवाखान्यात जावे तर तिथे ‘पिशवी खराब आहे, पुढे कॅन्सर होईल’ अशी भीती. दोन पोरे झालेली आहेतच, मग ती पिशवी हवी कशाला? कटकट मिटली, असे त्या स्वतःच शेजारणीला सांगत आणि शेजारीण पुढच्या वर्षी जाऊन येई. जू उचलून धरले होते आणि मान आपली आपण आत गेली होती. संमती या शब्दाचा याहून भयंकर अर्थ मला ठाऊक नाही.

मग दुसरी समजूत उभी राहते तरी कशी? सुदैवाने त्यासाठी आपल्याला इटलीला जावे लागत नाही. ग्रामशीच्या जन्माआधी १८ वर्षे पुण्यात ते काम सुरू झाले होते. २४ सप्टेंबर १८७३ रोजी जोतीराव फुले यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षीच्या २५ डिसेंबरला भटजीविना पहिले सत्यशोधक लग्न लावले. फुल्यांची टीका धारदार होती हे सगळ्यांना ठाऊक असते. पण टीका पुष्कळांनी केली आहे. फुल्यांचे वेगळेपण असे की त्यांनी लग्न मोडले नाही, दुसरे लग्न उभे केले. नव्या मंगलाष्टका रचल्या, त्याही मराठीत, वऱ्हाडातल्या शेवटच्या म्हातारीलाही कळतील अशा. त्यांत नवरी नवऱ्याकडे हक्क मागते आणि नवरा तो देण्याचे वचन देतो. अक्षता टाकायला आलेल्या दोनशे माणसांच्या कानावर, मंगल प्रसंगी, बाई हक्क मागते आहे हे पडले. हजार पुस्तकांनी होणार नाही ते एका मांडवात झाले. शिवाय त्याला वाङ्मयाची जोड होती, ‘दीनबंधु’ हे पत्र होते, पुढे गावोगाव फिरणारे सत्यशोधकी जलसे आले. तमाशाचाच ढोलकी-तुणतुण्याचा थाट ठेवून त्यात विचार घातलेला. नारायण मेघाजी लोखंडे यांनी मुंबईच्या न्हाव्यांना एकत्र केले आणि विधवांचे केस आम्ही कापणार नाही, असे त्यांच्याकडून ठरवून घेतले तेही याच परंपरेतले. केशवपनावर सुशिक्षितांत निबंध चालले होते, आणि इकडे ज्याच्या हातात वस्तरा होता त्यानेच तो खाली ठेवला.

अमेरिकन अभ्यासक गेल ऑम्वेट यांनी या चळवळीवर लिहिलेला प्रबंध १९७६ साली पुस्तकरूपाने आला, त्याच्या नावात ‘सांस्कृतिक बंड’ असे शब्द आहेत. मला ‘प्रतिधुरीणत्व’पेक्षा ते जास्त आवडतात. निदान ते उच्चारताना जीभ अडखळत नाही. पण बंड या शब्दात एक उणीव आहे. बंड होते आणि संपते. फुले करत होते ते काम संपणारे नव्हते.

आमच्या मराठवाड्यालाही हे नवे नाही. महानुभावांच्या ‘स्मृतिस्थळा’त एक प्रसंग आहे. केशवराज सूरी संस्कृतात ग्रंथ रचणारे विद्वान. नागदेवाचार्यांनी त्यांना अडवले, का, तर संस्कृतामुळे पंथातल्या म्हाताऱ्या ज्ञानाला मुकतील. सातशे वर्षांपूर्वी एका आचार्याला ज्ञानाचे माप म्हणून म्हातारी दिसली, हे विलक्षण आहे. पुढे निजामाच्या राज्यात मराठी मुलांना उर्दूतून शिकावे लागे. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच. सभा घ्यायची तर परवानगी. अशा वेळी हिप्परग्याला राष्ट्रीय शाळा निघाली, अंबाजोगाईला योगेश्वरीची शाळा उभी राहिली. नांदूरघाटाहून अंबाजोगाई काही लांब नाही. दोन्ही ठिकाणी शिकवलेले स्वामी रामानंद तीर्थ पुढे हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे नेते झाले, ते मास्तरकीतून. १९३८ साली वसतिगृहात ‘वंदे मातरम्’ म्हटले म्हणून विद्यार्थ्यांना काढून टाकण्यात आले, तेव्हा नागपूर विद्यापीठाने त्यांना दार उघडले. त्या मुलांत पी. व्ही. नरसिंह राव होते. सप्टेंबर १९४८ मध्ये भारताचे लष्कर आले आणि पाच दिवसांत निजामाचे राज्य कोसळले. पाच दिवसांची ती धडक आपण साजरी करतो. तिच्या मागे शाळांच्या, वाचनालयांच्या, गणेशोत्सवातल्या मेळ्यांच्या खंदकांत काढलेली तीस वर्षे होती.

धुरीणत्व मोठे चिवट असते, हेही मराठवाड्यानेच पाहिले. ते नेहमी दडपते असे नाही, पुष्कळदा थोडे देऊन टिकते. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला, आणि गावोगाव दलितांची घरे पेटली. नांदेड जिल्ह्यात पोचीराम कांबळे यांना जिवंत जाळण्यात आले. सोळा वर्षे लढा चालला. १४ जानेवारी १९९४ रोजी नाव आले, पण ‘मराठवाडा’ ठेवून. त्याला शब्द सापडला ‘नामविस्तार’. मागणी नामांतराची होती. ‘अंतर’ आणि ‘विस्तार’ या दोन शब्दांतल्या फटीत कितीतरी माणसांचे जीव गेले. तो तोडगा त्या काळी शहाणपणाचा होता असे पुष्कळ जण मानतात, मीही मानतो. आग विझणे गरजेचे होते. पण शब्द कोणाच्या सोयीने निवडला गेला, ते लपत नाही. आज बीड जिल्ह्यातली खेड्यांतली मुले त्या विद्यापीठाची पदवी घेतात आणि प्रमाणपत्रावरचे नाव सहज वाचतात. ज्या नावापायी घरे जळाली ते आता ‘असंच असतंय’ झाले आहे. नवी समजूत रुजते ती अशी, आवाज न करता, एका पिढीनंतर.

बँकेत नोकरी करताना मी जन्मभर एक कागद पाहिला, सातबारा. पीककर्जाला तो हवाच. त्यावर बाईचे नाव दिसले तर समजायचे, नवरा वारला आहे. बाईला कर्ज नको असे कोणी म्हणत नव्हते, नियमही तसा नव्हता. ‘सातबारा आणा’ एवढेच आम्ही म्हणत होतो, आणि तेवढे पुरत होते. अशा वेळी शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी एक अजब गोष्ट केली. नोव्हेंबर १९८६ मध्ये चांदवडला शेतकरी बायकांचे प्रचंड अधिवेशन भरवले आणि पुढे ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीम काढली. शेतकऱ्याने आपखुशीने बायकोच्या नावावर जमीन करून द्यायची. ज्या गावात शंभर जण असे करतील ते लक्ष्मीमुक्ती गाव. जोशी ग्रामशीचे अनुयायी तर नव्हतेच, ते खुल्या बाजाराचे पुरस्कर्ते. पण त्यांनी कायदा मागितला नाही, मोर्चा तहसीलवर नेला नाही. उसाच्या आणि कांद्याच्या भावासाठी रस्त्यावर उतरणाऱ्या गड्यांनाच त्यांनी उलटा प्रश्न विचारला, सरकार तुमच्या घामाचा दाम देत नाही म्हणून तुम्ही चिडता, मग घरातल्या लक्ष्मीच्या घामाचा दाम तुम्ही दिला का? ज्या समजुतीवर शेतकरी उभा होता तिच्यातलाच न्याय काढून तो त्याच्या घरात नेला. हे प्रतिधुरीणत्व. आणि ते करणाऱ्याला हा शब्द ठाऊक असण्याची गरज नसते, हेही यातून दिसते.

उलट, ज्यांच्या तोंडी हा शब्द सतत असतो त्यांच्याविषयी थोडे सांगितले पाहिजे. अलीकडे कुठल्याही कवितेला, चित्रपटाला, विक्षिप्त कपड्यांनादेखील ‘प्रतिधुरीण’ ठरवणारे निबंध वाचायला मिळतात. ते इंग्रजीत किंवा इंग्रजीसारख्या मराठीत असतात. म्हातारीला बाहेर ठेवणारी नवी संस्कृतच ती. प्रस्थापितांच्या भाषेविरुद्ध लिहायचे आणि ते केवळ प्रस्थापितांना कळेल अशा भाषेत लिहायचे, यातला विनोद लिहिणाऱ्यांच्या लक्षात येत नसावा. दुसरा प्रकार याहून गंभीर. प्रत्येक जात, प्रत्येक गट स्वतःला दडपलेला आणि समोरच्याला दडपणारा समजू लागला की या शब्दाची धारच जाते. गेल्या काही वर्षांत बीड जिल्ह्यात जातीजातींमध्ये जे अंतर पडले ते आपण पाहतो आहोत. एकमेकांच्या दुकानात न जाण्यापर्यंत लोक गेले. दोन्ही बाजूंना आपण बंड करतो आहोत असेच वाटत होते. पण दोन्हीकडच्या बायका ज्या फडात जातात तिथे कोयत्याची व्याख्या एकच आहे, ती कोणीच हलवली नाही.

ती हलवण्याचा प्रयत्न करतात त्या बायकाच. बीड जिल्ह्यात महिला ऊसतोड कामगारांची संघटना उभी राहिली, महिला किसान अधिकार मंचाने या बायकांचे जगणे नोंदवले, आणि त्यांच्या मागण्यांत दराच्या बरोबरीने एक साधी ओळ आली. बाईची कामगार म्हणून वेगळी नोंद करा. तिचे ओळखपत्र वेगळे, तिची मजुरी तिच्या हिशेबी. वरवर पाहता ही कारकुनी मागणी आहे. मोर्चात घोषणा देण्यासारखे तिच्यात काही नाही. पण संपाने कोयत्याचा दर वाढतो आणि या ओळीने कोयता फुटतो. एकाचे दोन होतात. मग खाडा कोणाचा, आजारपण कोणाचे, अपघात झाला तर भरपाई कोणाला, उचल फिटली नाही तर देणे कोणाचे, असे सगळे प्रश्न उभे राहतात. म्हणूनच ही साधी मागणी पूर्णपणे पदरात पडायला इतका वेळ लागतो आहे. दर वाढवून द्यायला फक्त पैसे लागतात.

१ मे २०२४ पासून महाराष्ट्रात जन्मलेल्या मुलाच्या नावापुढे सरकारी कागदांवर आधी आईचे नाव येऊ लागले आहे. हेही कारकुनीच. कोपीवर जन्मलेल्या पोरीच्या दाखल्यावरही तिच्या आईचे नाव येईल, त्या आईचे नाव मुकादमाच्या वहीत नसले तरी.

गेल्या वर्षी उचलीच्या दिवसांत नांदूरघाटच्या बाजारात एका हॉटेलाच्या बाकावर मुकादम वही उघडून बसला होता. एका जोडप्याची बोलणी झाली, आकडा ठरला, नवऱ्याने नाव सांगितले, मुकादमाने लिहिले. वही मिटणार तोच बाई म्हणाली, ‘माझं बी लिवा.’ मुकादमाला आधी कळले नाही. नवरा ओशाळून हसला. ‘एकच कोयता हाये, अक्का,’ मुकादम म्हणाला. ‘कोयतं दोन हायेत,’ ती म्हणाली, ‘एक ह्यांच्या हातात असतंय, एक माझ्या.’ बाकावरची दोन-तीन माणसे हसली. मुकादमाने थोडा वेळ तिच्याकडे पाहिले, मग नवऱ्याच्या नावाखाली, त्याच चौकटीत दाटीवाटीने, तिचे नाव घातले. पुढचा आकडा होता तोच राहिला. बाईने वही स्वतःकडे फिरवून घेतली आणि नाव बरोबर लिहिले आहे का, ते अक्षर अक्षर लावून वाचू लागली.